चिकटपट्टीचं दार

"अहो पाद्रीबाबा, नुसते बघत काय उभे राहिलात? ही बादली धरा!"

हॅमरस्मिथच्या त्या जुन्या चर्चच्या फाटकात, भुरभुर पावसात, सिरिल पिंचबेकने दचकून मागे पाहिलं. मागे कुणीच नव्हतं. समोर मात्र एक तरुणी उभी होती. दोन्ही हातांत डेलियाच्या फुलांच्या बादल्या, टोपी एका कानावर घसरलेली, नाकाच्या शेंड्यावर पावसाचा थेंब... सिरिलचा हात आपसूक गळ्याशी गेला. पाद्र्याची पांढरी गळपट्टी! तालमीतून निघताना काढायची राहूनच गेली होती.

सिरिल टीव्हीवरचा नट. नायक नव्हे हं. कीर्तनात बुवांच्या मागे टाळ घेऊन जो उभा असतो ना, त्याचा चेहरा साऱ्या गावाच्या ओळखीचा, पण नाव विचाराल तर कुणालाच सांगता येत नाही, तशातली त्याची गत. आजवर तो हवालदार झाला, खाटीक झाला, हॉटेलातला हमाल झाला, कितीदा तरी प्रेत झाला. लोक रस्त्यात थांबवून विचारत, "आमचा बंब दुरुस्त करायला तुम्हीच आला होता ना?" आणि हा भिडस्त प्राणी म्हणे, "हो हो. चालतोय ना नीट?" कशाला कुणाचा हिरमोड करा!

यंदा त्याच्या वाट्याला पाद्री आला होता. टीव्हीच्या नाटकाची तालीम चर्चमागच्या सभागृहात चाले. जमिनीवर पिवळ्या चिकटपट्ट्या लावून घर आखलेलं असे. पट्टी म्हणजे भिंत, मधली फट म्हणजे दार. पट्टी ओलांडून कुणी गेलं की दिग्दर्शक गॉडफ्री ओरडे, "अरे, भुतं आहात का, भिंतीतून चालायला?"

"नवे धाकटे पाद्री तुम्हीच ना?" ती म्हणाली. "या आठवड्यात येणार असं कानावर होतं."

"मी... म्हणजे..."

"भिजताय किती! चला आत."

आणि तो गेला. तिथेच त्याचं चुकलं.

"मी ऑड्री थ्रॉसल," फुलदाणीत फुलं खोचत ती म्हणाली. "इथली फुलं माझ्याकडे असतात. जीभ जरा तिखट आहे माझी, कळेलच तुम्हाला."

"कळलं."

"तरी बादली सोडली नाहीत?"

"फुलं छान आहेत..."

"फक्त फुलं?"

सिरिलचे कान डेलियाहून लाल झाले. ती खुदकन हसली, आणि खरं सांगायचं ते त्याच्या ओठांतच राहिलं.

दुसऱ्या दिवशी सगळं सांगून टाकायचं, असं घोकतच तो आला. पण ऑड्री आज हसत नव्हती. पुढच्या बाकावर बसून हातमोज्याचं बोट उगाच ओढत होती.

"पाद्रीबाबा, एक विचारू? रागावू नका." तिचा आवाज खाली आला. "रविवारी सुगीची प्रार्थना आहे. त्यातलं एकटीने म्हणायचं गाणं पूर्वी मीच म्हणायचे. बाबा गेले त्या संध्याकाळी मी इथे सराव करत होते. अंथरुणातूनच ते म्हणाले होते, 'आज राहा ना घरी.' मी म्हटलं, येतेच तासाभरात... आल्यावर बघते तर... तेव्हापासून तोंडातून सूरच फुटत नाही. त्यांनी माफ केलं असेल का हो मला?"

आता सिरिलने बोलायलाच हवं होतं. तो बोललाही, पण ओठांवर आलं ते सकाळीच तालमीसाठी पाठ केलेलं वाक्य.

"माफी मागायला तू दाराशी पोचायच्या आत त्यांनी ते उघडलेलं होतं, पोरी. डोळे पूस."

तिने डोळे पुसले. मग त्याच्या बाहीला हळूच हात लावून म्हणाली, "रविवारी म्हणेन मी गाणं. तुमच्यामुळे."

सिरिल फाटकाबाहेर पडला तेव्हा ती गळपट्टी त्याला फासासारखी आवळत होती. प्रेत होऊन पडताना त्याला कधी लाज वाटली नव्हती. आज मात्र धरणी दुभंगेल तर बरं, असं झालं होतं. एका रडणाऱ्या जिवाला आपण भाड्याचं वाक्य दिलं! आणि तिच्या हाताचा स्पर्श बाहीवर अजून उबदार होता...

दुसऱ्या दिवशी सकाळी तालीम रंगात होती. नाटकातली विधवा हुंदके देत होती. तिनेच नवऱ्याला विष घातलेलं असतं, पण पाद्र्याला ते ठाऊक नसतं. सिरिलने तिच्या खांद्यावर हात ठेवला.

"माफी मागायला तू दाराशी पोचायच्या आत..."

धाडकन काहीतरी फुटलं. फुलदाण्या न्यायला आलेली ऑड्री मागच्या कपाटाशी उभी होती. पायाशी काचा पडल्या होत्या.

"पुढचं मी सांगू?" ती म्हणाली. "'त्यांनी ते उघडलेलं होतं, पोरी.' बरोबर?"

ती वळली आणि पिवळ्या पट्टीवरून, भिंतीतून, तरातरा निघून गेली. सिरिल तिच्यामागे धावला. पण इतक्या वर्षांची सवय! पट्टीशी येताच पाय थबकले, तो वळसा घालून फटीपाशी गेला, हवेतली दाराची मूठ फिरवली, नसलेलं दार उघडलं आणि मगच बाहेर पडला. तिने तेवढ्यात वळून पाहिलं होतं.

फाटकापाशी त्याने तिला गाठलं.

"दार उघडलंत तुम्ही," ती म्हणाली. तिचे ओठ थरथरत होते. रागाने की हसू दाबल्याने, कळत नव्हतं. "नसलेलं दार!"

"सवय... सवय आहे."

"मला फसवलंत तीही सवयच का?"

"हो," तो म्हणाला. त्याने गळपट्टी ओढून काढली आणि ती मुठीत चुरगळली. "मी पाद्री नाही. लोक मला जे समजतात ते मी होतो. पण काल... काल माझी मलाच शिसारी आली."

"मी नाही गाणार आता. जाऊन सांगा तुमच्या त्या विधवेला."

"ऑड्री, ऐका. हे नाटकातलं नाही, म्हणून नीट जमणार नाही..." तो अडखळला. "माझे वडील ट्रामवर कंडक्टर होते. ते गेले तेव्हा मी रंगमंचावर प्रेत होऊन पडलो होतो. पडदा पडल्यावर सांगितलं मला. त्यांनी मला माफ केलं की नाही, मला ठाऊक नाही. काल ठाऊक असल्यासारखा बोललो, तेच खोटं. पण त्यांचा स्वभाव माहीत आहे. भेटले असते तर एवढंच विचारलं असतं, 'नीट पडला होतास ना रे? हललाबिलला नाहीस ना?'"

ऑड्री एकदम हसली, आणि हसताहसताच तिचे डोळे भरून आले.

"माझे बाबा विचारतील, वरचा सूर लागला का..." ती पुटपुटली. मग डोळे पुसून, जरा कडक आवाजात, "नाव तरी खरं सांगा."

"सिरिल. सिरिल पिंचबेक. कुणाच्या लक्षात राहत नाही."

तिने टोपी सरळ केली आणि ती निघून गेली.

रविवारी सिरिल सर्वांत मागच्या बाकावर येऊन बसला, साध्या टायमध्ये, मान खाली घालून. पुढे खरे धाकटे पाद्री डेलियांच्या वासाने शिंकत होते. ऑर्गनचा सूर निघाला. मग शांतता. एवढी लांबली की सिरिलने डोळे मिटून देवाचा धावा केला, आयुष्यात पहिल्यांदाच, पाठ न केलेल्या शब्दांत.

आणि ती गायली. आधी कापऱ्या आवाजात, मग सूर उजळत वर चढत गेला. जणू कुणाला तरी लांब, घरी, अंथरुणात ऐकू जावं म्हणून.

प्रार्थना संपली तसा तो सगळ्यांच्या आधी सटकला. तिच्या नजरेला नजर द्यायची हिंमत होत नव्हती. पण फाटकाशी पाय अडखळले. पुन्हा भुरभुर पाऊस पडत होता. मागून बूट वाजले.

"नुसते बघत काय उभे राहिलात?" रिकाम्या बादल्या घेऊन ती उभी होती, टोपी एका कानावर. "ही बादली धरा, सिरिल."

त्याने बादली धरली. रस्त्यात पहिल्यांदाच कुणीतरी त्याला नावाने हाक मारली होती.