पॅड नवे होते

पॅड नवे होते. पेडल पूर्ण दाबलेलं होतं. तरी गाडी थांबली नाही. का?

हे कोडं केतकीच्या घरात गेल्या दसऱ्यापासून पडून होतं. त्या सकाळी तिची आई, जनावरांची डॉक्टर सायली, करूळ घाट उतरायला निघाली आणि सातव्या वळणावर कठडा तोडून गाडीसकट दरीत गेली. आई मेली. भेटायला येणारी मोठी माणसं 'देवाघरी गेली' म्हणायची आणि बारा वर्षांच्या केतकीला त्यांचा राग यायचा. मेली म्हणजे मेली. नुसती कुठं गेली असती तर तिनं फोन उचलला असता.

साल २०४३. गाव गगनबावडा, अगदी घाटाच्या माथ्यावरचं. घरात आता दोघंच, केतकी आणि आबा. आबा म्हणजे सायलीचे वडील, जोतिराम सुतार. कोल्हापूरच्या फाउंड्रीत (लोखंड वितळवून ओतणाऱ्या कारखान्यात) त्यांनी चाळीस वर्षं ब्रेकच्या तबकड्या तपासल्या. कॉलेजचं तोंड पाहिलं नव्हतं, पण घर्षणावर (दोन वस्तू एकमेकींवर घासल्या की होणाऱ्या अडवणुकीवर) त्यांनी केलेले प्रयोग पदवीवाले इंजिनीअर येऊन उतरवून न्यायचे.

सायलीच्या क्रॉसओव्हरचे (उंच बांध्याच्या मोटारीचे) मागचे ब्रेकपॅड (तबकडीला घट्ट दाबून चाक थांबवणाऱ्या जाड पट्ट्या) आबांनीच घरी बदलले होते. त्याच सकाळी. महिन्याभरानं गाडीच्या कंपनीचं पत्र आलं, तीन ओळींचं. पॅड नवीन होते. चालकाने पेडल पूर्ण दाबले होते. अपघात घरगुती दुरुस्तीतील चुकीमुळे झाला. कोणती चूक, ते लिहिलं नाही. आबांनी गाडीची स्मृतिपेटी (प्रवासातली प्रत्येक नोंद ठेवणारी डबी) मागितली, तर ती कंपनीची मालमत्ता आहे म्हणाले. मेलेली पोरगी आपली आणि डबी त्यांची!

तेव्हापासून आबा परसातल्या शेडमध्ये भंगारातून आणलेल्या धुरीवर (चाकं जोडणाऱ्या दांड्यावर) पॅड काढायचे, बसवायचे, परत काढायचे. आपली चूक शोधायचे. त्यांचा यंत्रमानव जवळ उभा राहून मोजायचा. त्याचं नाव रंगराव. फाउंड्रीतल्या एका खडूस मुकादमाचं नाव आबांनी मुद्दाम त्याला दिलं होतं.

"एकशे बारावी खेप," रंगराव म्हणाला. "चूक शून्य."

"मग ती मेली कशी रे?" आबा म्हणाले.



त्या दिवशी खंडेनवमी होती. दुपारी अंगणात करकर करत गाडी येऊन थांबली. सायलीची होती तशीच, त्याच कंपनीची. आतून तस्लिमाकाकी उतरल्या. घाटाखालच्या आरोग्य केंद्रात त्या नर्स होत्या, सायलीच्या मैत्रीण.

"आबा, मागचे पॅड संपलेत. सेवा केंद्रवाले दिवाळीनंतरची तारीख देत्यात. नवीन पॅड घेऊनच आलोय मी."

"माझ्या हातानं नको गं, तस्लिमा. या हातानं पोरगी मारलीय."

"ते कागद लिहिणारे म्हणत्यात. तुमी कशाला म्हणताय? आणि बाळंतीण अडली तर मी काय घसरगुंडी करून उतरू घाट?"

आबांनी वाकून मागचं चाक पाहिलं. मग म्हणाले, "आज हत्यारं पूजेला मांडायची. पूजा झाली की उद्यापर्यंत उचलत नाहीत. गाडी ठेवून जा. पहाटे करून देतो."

काकी गाडी आणि पॅडचा खोका ठेवून चालत गावातल्या घरी गेल्या.

आबांनी पाटावर तांबडं कापड अंथरलं. पाने, हातोडी, जॅक ओळीनं मांडले. वाटीत मशीनचं तेल घेतलं. फाउंड्रीतली रीतच तशी, खंडेनवमीला प्रत्येक हत्याराला बोटानं तेल लावायचं म्हणजे वर्षभर गंज धरत नाही. आबांनी तेल लावायचं आणि मागून केतकीनं हळदकुंकू. मग आबांनी खोक्यातून चार नवे पॅड काढून पान्यांशेजारी ठेवले. नवीन सामानही पुजायचं. त्यांनी बोट तेलात बुडवलं.



गेल्या वर्षी तिनं पॅडला कुंकू लावलं होतं आणि ते ओघळलं होतं. खालचं तेल ओलं होतं म्हणून. आणि तेल लागलेली वस्तू घसरते, धरत नाही. आई हसली होती, "पॅडला कसलं ठसठशीत गंध लावलंय बघ!"

केतकीनं दोन्ही तळवे चारही पॅडवर ठेवले.

"आबा, नका लावू."

"का गं?"

आता काय सांगायचं? खोटं बोलता आलं असतं. हात दुखतोय, पॅड काळे पडतील, काहीही. खरं सांगितलं तर आबांचं काय होईल? आणि नाही सांगितलं तर उद्या एकशे तेरावी खेप, परवा एकशे चौदावी, मरेपर्यंत. शिवाय हे तेल लागलेले पॅड तस्लिमाकाकींच्या गाडीत.

"गेल्या वर्षी पण तुम्ही तेल लावलं होतं," ती म्हणाली. "आईच्या पॅडना."

आबांचं बोट तसंच वर राहिलं. त्यावरून तेलाचा थेंब कापडावर पडला.

"पुसले होते मी बसवताना," ते हळू आवाजात म्हणाले.

"रात्रभर तसेच होते, आबा."

ते उठले. केतकीला वाटलं, घरात जाऊन दार लावून घेतील. ते शेडमध्ये गेले. तिथून एक जुनी तबकडी आणि दोन जुने पॅड घेऊन आले. एक पॅड कोरडा ठेवला. दुसऱ्यावर तेल चोपडलं, थोडं मुरू दिलं आणि फडक्यानं खसाखसा पुसलं. दोन्ही तबकडीवर ठेवले.

"रंगराव, एका बाजूनं उचल. सावकाश."

तबकडी जरा कलली आणि तेलाचा पॅड सुर्रकन खाली आला. कोरडा तसाच चिकटून राहिला. तबकडी आणखी बरीच कलली तेव्हा कुठं तो सुटला.

"पुसून काय होतंय?" आबा म्हणाले. "पॅड दिसतो दगडासारखा, पण आत बारीक बारीक छिद्रं असतात. तेल आत मुरतं आणि तापलं की वर येतं. माझ्या धंद्यातली पहिली अक्कल ही. चाळीस वर्षं दुसऱ्यांना शिकवली. पूजेच्या पाटावर बसलो आणि विसरलो."

"खेपा मोजताना पूजा धरलीच नव्हती," रंगराव म्हणाला. "माझ्या यादीत दुरुस्ती पाना उचलल्यावर सुरू होते."

"माझ्या पण, लेका."

केतकीचे डोळे भरले होते, तरी तिला एक कळत नव्हतं. "पण पुढचे पॅड चांगले होते ना? दोन चाकं तरी थांबायला पाहिजे होती."

"हात घास. जोरात. तापले? गाडीचा वेग असाच जातो, बाई. वेग नाहीसा होत नाही कधी. ब्रेक लावला की तबकडी आणि पॅड घासतात आणि त्या वेगाची उष्णता होते. मी बसवून गल्लीत फिरवून पाहिली, तर झक्कास थांबली. सपाटीवर पुढची दोन चाकं एकटीच पुरतात ना! पण घाट म्हणजे पंधरा मिनिटं सारखा ब्रेक. मागची चाकं काम करीनात, मग चौघांचं ओझं दोघांवर. पुढचे ब्रेक तापून लाल झाले असतील. नळीतलं ब्रेकतेल उकळलं असेल."

"उकळलं तर काय होतं?"

"इंजेक्शनची नळी पाण्यानं भर, तोंडावर बोट दाब आणि दट्ट्या दाबून बघ. हलत नाही. म्हणून पायाचा जोर तेलातून थेट चाकापर्यंत जातो. आता तीच नळी हवेनं भर. दट्ट्या खाली जातो आणि पलीकडं काही पोचत नाही. तेल उकळलं की नळीत वाफ होते, आणि वाफ हवेसारखीच दबते. सायलीचं पेडल खाली टेकलं असेल. पोरीनं पूर्ण दाबलं होतं. तिची काही चूक नव्हती."

वर्षभर त्यांनी हे वाक्य उच्चारलं नव्हतं.

केतकी तस्लिमाकाकींच्या गाडीपाशी गेली. या गाड्या बोलायच्या. गाणी लावू का विचारायच्या.

"गाडी, मागचे पॅड नीट धरत नसतील तर तुला कळतं?"

"हो," गाडी गोड आवाजात म्हणाली. "चाकांच्या वेगावरून कळते. मी पुढच्या ब्रेकचा दाब आपोआप वाढवते."

"आणि चालवणाऱ्याला सांगतेस?"

"पॅड अधिकृत केंद्रात बसवलेले नसतील तर ती सूचना चालकासाठी बंद असते. मी सेवा केंद्राला कळवते."

म्हणजे आईच्या गाडीलाही कळलं होतं. सात वळणं कळत होतं. तिनं पन्नास किलोमीटरवरच्या कोल्हापूरला कळवलं आणि आत बसलेल्या बाईला गाणी ऐकवली. केतकीनं गाडीच्या चाकाला सणसणीत लाथ मारली. पायालाच लागलं.

"नोंद केलीस?" आबांनी रंगरावला विचारलं.

"शब्द न् शब्द."

"हे मी ग्राहक न्यायालयात ऐकवणार. पण आधी माझी चूक सांगणार. स्वतःची झाकून दुसऱ्याची दाखवणारा शास्त्रज्ञ नसतो, वकील असतो."

त्यांनी तस्लिमाकाकींना बोलावून घेतलं आणि सगळं सांगितलं. काकी खाली बसल्या. तोंडाला पदर लावून रडल्या. मग आबांकडं न बघता म्हणाल्या, "राग आलाय मला तुमचा."

"यायलाच पाहिजे."

"बसवा पॅड."

"माझ्याकडून? अजून?"

"चूक सापडलेला माणूस बरा. न सापडलेल्याकडं मी दुपारी गाडी ठेवून गेलतो."

आबांनी पाटावरचा कुंकू लावलेला पाना उचलला.

"आबा, उद्यापर्यंत उचलत नाहीत ना?" केतकी म्हणाली.

"उद्यापर्यंत ठेवला तर परत उचलायचा नाही मी." त्यांनी पान्याचं तेल साबणानं धुतलं, हातही धुतले, दोनदा. केतकीचेही धुवायला लावले.

मग काम सुरू झालं. गाडी सपाटीवर. पुढच्या चाकांना दगडांचा अडसर, कारण या गाडीचा हातब्रेक मागच्याच पॅडना धरतो आणि तो आता सोडायचा होता. हातब्रेक म्हणजे मागच्या कॅलिपरवर (पॅडना दाबणाऱ्या लोखंडी चिमट्यावर) बसवलेली छोटी मोटर. तिला आधी मागं सरकायला सांगावं लागतं, नाहीतर जबरदस्तीनं आतला स्क्रू मोडतो. ती आज्ञा कंपनीनं पडद्यावरच्या पाचव्या पानात दडवली होती. रंगरावनं शोधून काढली. मोटर गुंईऽ करून मागं गेली.

चाकाचे नट सैल केले. जॅकनं गाडी उचलली आणि खाली भक्कम घोडी (लोखंडी तिवई) लावली. "नुसत्या जॅकवरच्या गाडीखाली हातसुद्धा घालायचा नाही," आबांनी बजावलं. चाक निघालं. कॅलिपरचे दोन बोल्ट काढून तो तारेनं वर टांगला, नळीला लोंबकळू दिला नाही. जुने पॅड झिजून बिस्किटाएवढे पातळ झाले होते. आबांनी पिस्टन (पॅडला ढकलणारा दट्ट्या) सावकाश आत दाबला. तबकडी पुसली.

"नवे पॅड तू बसव," ते म्हणाले.

"मी?"

"तू. कडेला धर, घासणाऱ्या बाजूला बोट लावू नकोस."

दुसरंही चाक तसंच झालं. नट आवळले. मोटर परत पुढं आणली. केतकीला त्यांनी गाडीत बसवून पेडल दाबायला लावलं. पहिल्यांदा पाय थेट खाली गेला आणि ती घाबरून ओरडली.

"असंच होतं. पिस्टन आत ढकललाय ना, त्याला पॅडपर्यंत यायला वेळ लागतो. दाबत राहा. पेडल घट्ट झाल्याशिवाय गाडी एक वीतही हलवायची नाही."

चौथ्या दाबाला पेडल दगडासारखं घट्ट झालं.

सपाटीवर हळू चालवून, पुन्हा पुन्हा थांबवून पॅड घासून तबकडीवर पक्के बसवले. मग काकी म्हणाल्या, "गल्लीत थांबलेली चालत न्हाई आता. घाटात बघायचं. बसा दोघंबी."

सातव्या वळणाच्या बऱ्याच अलीकडं, रुंद जागेवर, त्यांनी गाडी थांबवली. केतकी उतरून मागच्या चाकापाशी वाकली. हात न लावता, वीतभर लांबून तळवा धरला. ऊब आली. दुसऱ्या बाजूला गेली. तिथंही ऊब. पुढची चाकं थोडी जास्त तापलेली, तशी ती असायचीच.

"मागची तापल्यात, आबा!"

आबांनी मान हलवली. 

"उतरा आता," काकी म्हणाल्या. "बाकीचा घाट मी एकटी जातो. सातवं वळण तुमाला दाखवत न्हाई मी."

गाडी धुक्यात गेली. दोघं कठड्यापाशी उभी राहिली. दूर कुठंतरी वळणावर हॉर्न ऐकू यायचा, मग तोही थांबला. आबा बसेनात. वीस मिनिटांनी फोन वाजला.

"पोचलो खाली. चारी चाकं गरम. पेडल घट्ट."

तेव्हा आबा रस्त्याच्या कडेला बसले आणि मोठ्यानं रडले. वर्षात पहिल्यांदा. केतकीनं त्यांना गप्प केलं नाही. ती शेजारी बसून स्वतः रडली.

मग परत चढ चढताना आबा म्हणाले, "उद्या सोनं द्यायला सगळं गाव येईल. प्रत्येकाच्या दारात गाडी आहे आणि प्रत्येकानं आज काही ना काही पुजलंय. येईल त्याला सांगायचं, माझं तेल कुठं लागलं आणि त्यानं काय झालं."

"सगळ्यांना? लोक तोंडावर बोलतील, आबा."

"बोलू देत. ऐकून घरी जातील आणि आपले पॅड बघतील."



"दारात मी उभी राहते," ती म्हणाली. "तुमचा आवाज बसला की पुढचं मी सांगेन."