नवव्या स्टेजचं पाणी

"आता उडू नका!"

मागून आवाज आला आणि दामिनी दचकली. तिचा अंगठा बटनावर पडला, फोनच्या हिरवट पडद्यावरचा काळा चेंडू टुणकन उडाला, वरून येणाऱ्या खिळ्यावर आदळला... आणि फुटला.

तिनं वळून पाहिलं. सावली गावच्या बसस्टँडवरच्या बाकामागं एक तरुण उभा होता. हातात बारीक पेचकस, कपाळावर घाम, आणि चेहरा आपणच काहीतरी सांडल्यासारखा.

"शेवटची लाइफ होती माझी," ती म्हणाली.

"म्हणूनच तर म्हटलं, उडू नका."

"तुम्ही बोलले म्हणून उडाला! नाईतर मी थांबणारच होती."

"नाई थांबणार होत्या. अंगठा दोनच्या बटनावर गेला होता तुमचा."

"दुसऱ्याच्या अंगठ्याकडे पाहात उभं राहायचा धंदा आहे का तुमचा?"

"धंदा तो तिथी आहे," त्यानं समोरच्या टपरीकडे बोट दाखवलं. रिचार्ज, रिपेरिंग, कव्हर... रंगानं लिहिलेली अक्षरं उन्हानं उडत चालली होती. "अंगठा पाहणं... असंच. फुकटात."

तिला हसू येत होतं. तिनं ते येऊ दिलं नाही. बस आली, ती चढली. खिडकीपाशी बसल्यावर मात्र तिनं एकदा मागं पाहिलं. तो अजून तिथंच उभा होता.

साल २००५. फोन तेव्हा गावागावांत झाले नव्हते. दामिनीच्या हातातला फोनही तिचा नव्हता, तो तिच्या गावच्या मच्छीमार सोसायटीचा होता. चंद्रपूरच्या व्यापाऱ्यांशी भाव बोलायला सोसायटीनं तो घेतला, आणि आलेला मेसेज वाचता येणारी म्हणून उमाजीच्या या पोरीच्या हवाली केला. दामिनी सावलीच्या कॉलेजात बी. ए. ला होती. गावात रेंज मिळायची ती फक्त तलावाच्या पाळीवर, उंच बांधावर, त्यामुळं व्यापारी तिला दिवसा, ती सावली गावी असतानाच फोन करायचे. मधल्या वेळात ती चेंडूचा गेम खेळायची. आठ स्टेज तिनं एकटीनं पार केल्या होत्या. नववी मात्र हटून बसली होती.

दुसऱ्या दिवशी ती सरळ टपरीवर गेली.

"ते दोन खिळे आहेत ना, वरखाली होणारे... त्यांच्यातून कसं जायचं?"

त्यानं मान वर केली. "रामराम नाई, नाव नाई, सीधा खिळे?"

"नाव दामिनी. आता सांगा."

"माझं प्रफुल. पहिल्या खिळ्याकडे पाहूच नका."

"पहिलाच तर डोक्यावर पडते!"

"तो जोरात येते, म्हणून सगळे त्यालेच भितात. तुम्ही दुसऱ्याले पाहा, जो हळू हळू येते. दुसरा वर जायला लागला की निघायचं. पहिला आपोआप मागं राहते."

तिनं तिथंच टपरीच्या फळीला टेकून करून पाहिलं. दोनदा फुटला. तिसऱ्यांदा चेंडू दोन्ही खिळ्यांतून अलगद पार झाला, पण पुढच्या उतारावर गडगडत जाऊन खड्ड्यात पडला.

"आता हे काय?"

"ते उद्या."

"काऊन उद्या? आत्ता सांगा ना."

"आत्ता सगळं सांगितलं तर..." त्यानं उघड्या फोनात तोंड घातलं. पेचकस उगीचच एका स्क्रूवर फिरत राहिला. "उद्या तुम्ही येणार नाई."

दामिनीचे कान गरम झाले. जाताना ती म्हणाली, "बाकी गिऱ्हाइकांनाही असंच तुकड्या-तुकड्यानं सांगता का?"

"बाकी गिऱ्हाइकं विचारतच नाईत."

उताराची युक्ती दुसऱ्या दिवशी मिळाली. उतारावर कोणतंच बटन दाबायचं नाही, हात काढून घ्यायचा. चेंडू आपल्याच वेगानं खड्डा ओलांडतो. दामिनीला ते अजिबात पटलं नाही. "हात काढून घेऊ? असं कसं?" म्हणत तिनं प्रत्येक वेळी बटन दाबलं, आणि प्रत्येक वेळी चेंडू खड्ड्यात गेला. प्रफुल गालात हसत राहिला. शेवटी तिनं चिडून फोन फळीवर आपटल्यासारखा ठेवला, आणि चेंडू खड्ड्यापलीकडे पोचला.

"पाहा," तो म्हणाला.

"तुम्ही सांगितलं म्हणून नाई झालं. मी रागावली म्हणून झालं."

"मग रोज रागवत जा."

असं होत होत उन्हाळा आला, मोहाची फुलं गळायला लागली. दुपारी टपरीच्या पत्र्यावर ऊन तडतडायचं. प्रफुल तिच्यासाठी स्टूल सावलीत सरकवायचा आणि स्वतः उन्हात बसायचा. ती ते पाहायची, आणि पाहिलं नाही असं दाखवायची.

उतार संपला की पाणी होतं. नवव्या स्टेजची खरी गंमत तिथंच होती. काठावर एक पंप होता. त्याला टेकलं की चेंडू फुगून मोठा व्हायचा आणि पाण्यावर तरंगायचा. दामिनी पंपाला टेकायची, तरंगत पलीकडे जायची, आणि तिथल्या अरुंद भोकात तिचा टरटरीत फुगलेला चेंडू जायचाच नाही. परत फिरायचं, पुन्हा हवा भरायची, पुन्हा अडकायचं.

"तुम्ही हवा भरता काऊन?" प्रफुलनं विचारलं.

"पाणी आहे ना समोर!"

"मग?"

"मग काय? खोल पाण्यात असंच उतरते का कोणी? आमच्या घरी तुंबा बांधल्याशिवाय पाय टाकत नाईत."

वाळवलेल्या भोपळ्याचा तो तुंबा कमरेला बांधूनच तिच्या घरच्या पिढ्या तलावात उतरल्या होत्या. पाणी दिसलं की तिचा हात आपोआप पंपाकडे जायचा. दुसरं काही असू शकतं हे तिच्या मनातच आलं नव्हतं.

"दामिनी..." त्यानं पहिल्यांदाच नुसतं नाव घेतलं. "बुडू दे त्याले."

"फुटला तर?"

"हे पाणी फोनातलं आहे. याच्यात कोणी मरत नाई. तळातून वाट आहे."

तिनं श्वास धरला आणि लहानगा चेंडू पाण्यात ढकलला. तो सरसर खाली गेला. तळाला टेकला. फुटला नाही. ती त्याला हळूच पुढं नेत गेली, नेत गेली... आणि चेंडू भोकातून पार झाला. फोन बारीक सुरात वाजला. दामिनीनं आनंदानं प्रफुलचा हात घट्ट धरला. मग तो आपण धरलाय हे तिच्या ध्यानात आलं. तरी तिनं लगेच सोडला नाही.

नंतरचे चार-पाच दिवस ती आली नाही. विचारायला काही उरलंच नव्हतं. मग एका दुपारी ती आली, स्टुलावर बसली नाही, उभीच राहिली.

"दहावी स्टेज अडली का?" त्यानं विचारलं.

"गेम पुसून टाकला मी."

"काऊन?"

"गेमसाठी येते असं कोणाला वाटायला नको. तुम्हालाही."

प्रफुलच्या हातातला पेचकस खाली ठेवला गेला.

"आत्यानं स्थळ आणलं," ती म्हणाली. "कोरपन्याकडचं. सिमेंटच्या कारखान्यात आहे पोरगा. येत्या रविवारी पाहायला येऊन राह्यले. बाबा नाई म्हणत नाईत, हो म्हणत नाईत. आत्या म्हणते, पोरगी हो म्हणते असं समजा."

"आणि पोरगी?"

"पोरगी इथी उभी आहे. दिसून नाई राह्यलं?"

त्यानं समोरचा उघडा फोन बाजूला सारला. मग हळू म्हणाला, "आम्ही बौद्ध, तुम्ही ढिवर. तुमच्या गावात..."

"हे मले काऊन सांगता? मले ठाऊक नाई का?"

"माझी आईसुद्धा म्हणते, आपल्यात पोरी कमी आहेत का."

"मग करा आईच्या मनासारखं."

"तसं नाई..."

"फोनातल्या पाण्यात मोठी हिंमत! बुडू दे म्हणे. तळातून वाट आहे म्हणे!" तिनं मान खाली घातली नाही. "शनिवारी आमचा तलाव निघणार आहे, सगळे मासे एकदम काढतात. घरटी दोन हात लागतात जाळ्याला. आई गेल्यापासून एक हात माझा, दुसरा बाबांचा होता, यंदा त्यांचा गुडघा धरला. हात कमी पडला तर घरचा माणूस बाहेरून कोणाला बोलावू शकते. मी तुम्हाला बोलावून राह्यली. यायचं तर या."

"मले पोहता येत नाई..."

"कमरेएवढं पाणी राहते!" म्हणून ती चालती झाली.

शनिवारी सकाळी पाळीवर सगळं गाव होतं. उन्हाळ्यात पाणी उतरलं की सोसायटीचं मोठं जाळं टाकतात, आणि घराघराचे हात ते दोन्ही बाजूंनी ओढत काठाला आणतात. दामिनी पदर खोचून पाण्यात उभी होती. तिच्या शेजारची जागा रिकामी होती. ती रस्त्याकडे पाहत नव्हती. पाहायचं नाही असं तिनं ठरवलंच होतं.

सायकल पाळीखाली थांबली. प्रफुलनं पँट गुडघ्यावर दुमडली, चपला काढल्या, आणि सगळ्या गावासमोरून तो पाण्यात उतरला. पहिल्याच पावलाला चिखलात घसरला, नाकातोंडात पाणी गेलं. बायका खदखदल्या.

"हा कोण वो?" सोसायटीचा अध्यक्ष पत्रू ओरडला.

"माझ्या घरचा हात," दामिनी म्हणाली.

"बेडूक आणलास की काय?"

"बेडकाला तरी पोहता येते, पत्रूकाका!"

हशा पिकला, आणि हशातच जाळं ओढायला सुरुवात झाली. प्रफुल जीव खाऊन ओढत होता. काठ जवळ आला, मासे उसळायला लागले, आणि उत्साहाच्या भरात त्यानं वजनाचा तळचा दोर वर उचलला. जाळ्याखाली फट पडली. रोहूचा थवाच्या थवा त्याच्या पायांमधून निघून गेला.

"अबे, खालचा दोर! खाली दाब!" चहूकडून ओरडा झाला. दामिनीनं पायानंच दोर चिखलात दाबला. "वजन काढायचं नसते," ती दातओठ खात म्हणाली. मग हळूच, "लागलं का?"

"मासा लागला," तो म्हणाला. "गालावर."

तरी तलाव चांगला निघाला. पाळीवर पळसाची मोठी, टाचलेली पानं अंथरली गेली. एका चुलीला एक पान. वाटे घालायचा मान नानाजी म्हाताऱ्याचा. तो एकेका हाताचा वाटा त्या-त्या पानावर टाकत आला. बाहेरून आलेल्या हाताचा वाटा वेगळ्या पानावर जातो, म्हणजे तो माणूस आपला घेऊन आपल्या वाटेनं जातो. एकाच पानावर दोन हातांचे वाटे पडतात ते ज्यांचं एका चुलीवर शिजतं त्यांचे. बापलेकीचे, नवराबायकोचे.

"याले वाटाच नाई," पत्रू म्हणाला. "अर्धा तलाव सोडून दिला यानं. आणि आपल्या जाळ्याला याचा हात लागला, तेच खूप झालं."

शेवटचं वाक्य त्यानं हळू म्हटलं होतं, पण पाळीवर ते सगळ्यांना ऐकू गेलं. प्रफुल उठून उभा राहिला. त्याचं तोंड लाल झालं होतं.

"दोर उचलला ती चूक माझी," तो म्हणाला. "हात मात्र लपवणार नाई मी. तो जाळ्याला लागला. सगळ्यांनी पाहिला."

नानाजी दोन हातांत मोठी कतला मासळी धरून थांबला. "हात लागला तर वाटा पडते. तलावाची रीत आहे. त्याच्यासाठी वेगळं पान मांड, बाई."

दामिनी पान आणायला वाकली नाही. ती आपल्या पानाजवळ उभी राहिली.

"वेगळं पान नाई. त्याचा वाटा माझ्या पानावर टाका."

कोणाच्या तरी हातातला मासा तेवढा फडफडला.

"पोरी!" सुगंधाबाई आत्या पुढं आली. "काय बोलून राह्यलीस, कळते का?"

"कळते, आत्या. म्हणून तर मोठ्यानं बोलली."

"गावाला विचारलं का?" पत्रू म्हणाला.

"विचारून नाई राह्यली मी, काका. सांगून राह्यली."

"उमाजी, समजाव तुझ्या पोरीले!"

सगळ्यांचे डोळे उमाजीकडे वळले. तो दगडावर पाय लांब करून बसला होता. दुखऱ्या गुडघ्यावरून हात फिरवत तो आधी पोरीकडे पाहत राहिला, मग चिखलानं माखलेल्या त्या पोराकडे. त्याच्या मनात काय चाललं होतं कोण जाणे. पुढचे शब्द बोलायला त्यालाही जड गेलंच असेल.

"टाक, नानाजी," तो म्हणाला. "मासा वाळून राह्यला."

कतला पानावर पडली. दामिनीच्या वाट्याशेजारी, त्याच पानावर.

"आणि उद्या कोरपन्याची माणसं येऊन राह्यली, त्यांचं काय?" आत्या रडकुंडीला आली.

"येऊ दे की," उमाजी म्हणाला. "जेवून जातील. मासे यंदा भरपूर आहेत."

कोणीतरी हसलं, कोणी तोंड फिरवून उठून गेलं. पत्रू पाण्याकडे पाठ करून विडी शोधायला लागला. या गडबडीत प्रफुल मात्र वेड्यासारखा उभा होता. त्याला पानांची रीत कोणी सांगितलीच नव्हती.

"काय झालं?" त्यानं हळूच विचारलं. "सगळे असे काऊन पाहून राह्यले?"

"काही नाई," दामिनी मासे टोपलीत भरत म्हणाली. "लग्न ठरलं."

"कोणाचं?"

तिनं नुसतं त्याच्याकडे पाहिलं. त्याला समजायला थोडा वेळ लागला. मग त्याच्या चेहऱ्यावर आधी भीती आली, आणि भीतीच्या मागून हळूहळू... दुसरंच काहीतरी.

"मले नाई विचारलं?"

तिचे हात थांबले. इतका वेळ गावासमोर ताठ राहिलेला तिचा आवाज आता मात्र अगदी लहान झाला. "आता विचारून राह्यली. तू नाई म्हटलं तर मी तुझा वाटा काढून देते... आत्ताच."

प्रफुल खाली वाकला. टोपली जड होती, पहिल्यांदा उचललीच नाही. दुसऱ्यांदा त्यानं ती गुडघ्यावर घेतली, मग खांद्यावर. पाणी त्याच्या पाठीवरून ओघळलं.

"घर कोणत्या बाजूला आहे?" त्यानं विचारलं.

तलावामागून घराकडे जाणारी एक पायवाट होती, कोणाच्या नजरेला न पडणारी. दामिनीनं तिच्याकडे पाहिलंही नाही. ती पुढं झाली आणि भर दुपारी, गावाच्या मधल्या रस्त्यानं चालू लागली.