डोळ्यांचं माप

हॅलोविनच्या दिवशी दुपारी एक वाजता हिल्डाबाई स्ट्रोम कोपऱ्यावरच्या किराणा दुकानात गेल्या आणि नेहमीप्रमाणे खाकी कागदाच्या बारा मोठ्या पिशव्या मागून घेतल्या. दुकानदाराने तेरा दिल्या.

“एखादी फाटली तर असू दे, बाई,” तो म्हणाला. लहानपणी तोही त्यांच्याच हाताखाली शिकला होता.

“माझ्या हातून फाटत नाही,” हिल्डाबाई म्हणाल्या. पण तेरावी पिशवीही त्यांनी नीट घडी घालून घेतली. फुकटची गोष्ट सोडणाऱ्यांतल्या त्या नव्हत्या.

पेनसिल्व्हेनियातल्या त्या कोळशाच्या गावात त्यांनी पस्तीस वर्षं दुसरीचा वर्ग शिकवला. शाळेतून त्या निवृत्त झाल्या, पण हॅलोविनमधून काही झाल्या नाहीत. मुलांची मिरवणूक चार वाजता निघायची, आणि त्याआधी चर्चच्या तळघरात मुलांना घेऊन भुतं बनवायचं काम त्यांचंच. फुग्यावर खळीत बुडवलेलं मलमलचं कापड टाकायचं, ते कडक वाळलं की फुगा फोडायचा; आतून पोकळ भूत उभं राहतं. पांढऱ्या रंगात हात बुडवून काळ्या कागदावर ठसा मारायचा आणि कागद उलटा धरायचा. पाच शेपट्यांचं भूत तयार. आणि शेवटी पिशवीचे मुखवटे. सोपं, स्वस्त आणि पसारा न होणारं, असं त्या सगळ्या आयांना अभिमानाने सांगत.

मुखवट्याची त्यांची पद्धत ठरलेली होती. पिशवी मुलाच्या डोक्यावर घालायची. बाहेरून दोन्ही अंगठ्यांनी हलकेच चाचपत डोळ्यांच्या खोबण्या शोधायच्या. तिथे काळ्या मेणाच्या खडूने दोन ठिपके द्यायचे. मग पिशवी काढायची, आणि मगच कात्री. एकाचं माप दुसऱ्याला चालत नाही, हे त्या बजावून सांगत. केस दाट असले की पिशवी वर बसते, चापून बसवलेले असले की खाली उतरते, आणि भोकं भलतीकडेच येतात.

घरी टेसा तयार होऊन बसली होती. टेसा त्यांची नात, सात वर्षांची. तिची आई दोन वर्षांपूर्वी निघून गेली आणि बाप लांब पल्ल्याचे ट्रक चालवायचा, तेव्हा टेसाला आजी आणि आजीला टेसा. ट्रक वळणावर दिसला की खिडकीतून त्याचा नंबर वाचून दाखवायचा हा तिचा खेळ होता. “बाबाचा नाही,” असं ती दर वेळी म्हणायची आणि पुन्हा नजर लावून बसायची. म्हातारीचा सगळा जीव त्या पोरीत होता, आणि यात काही खोटं नव्हतं.

तळघरात मुलांचा गोंधळ चालला होता. पिशव्या मांडायला, खळ ढवळायला नेटी फेगली आली होती. नेटी अडतीस वर्षांची, मितभाषी बाई. तिच्याबद्दल गावाला एक गोष्ट पक्की माहीत होती, ती म्हणजे नेटी कात्रीला हात लावत नाही. दोरा दाताने तोडायची, कागद घडी घालून फाडायची. गाव तिला सांभाळून घ्यायचं. “लहान होती बिचारी,” असं तिच्यामागे म्हणायचं, आणि ते तिला ऐकू जाईल इतक्या आवाजात म्हणायचं.

एकतीस वर्षांपूर्वीची ती गोष्ट. ऑर्व्हिल टिंगली नावाचा एक पोरगा हिल्डाबाईंच्या वर्गात होता. त्याच्या डोक्यात उवा होत्या. आई दर रविवारी त्याच्या दाट केसांना रॉकेल चोळायची, आणि पुढे आठवडाभर त्याच्या बाकाच्या आसपास कुणी बसत नसे. हॅलोविनला मुखवटे करताना हिल्डाबाईंनी अकरा पोरांच्या डोक्यावर पिशवी घातली, ऑर्व्हिलच्या मात्र घातली नाही. त्या केसांना लागलेली पिशवी पुन्हा हातात धरायची, या विचारानेच त्यांना शिसारी आली. त्यांनी त्याच्या पिशवीचं माप नेटीच्या डोक्यावर घेतलं आणि भोकं स्वतःच कापली. नेटीच्या चापून घातलेल्या दोन वेण्या, आणि ऑर्व्हिलच्या डोक्यावर नुसतं जंगल. त्याने पिशवी घातली तेव्हा भोकं त्याच्या कपाळावर आली.

“बाई, मला दिसत नाहीये,” तो रांगेतून म्हणाला.

“दिसतंय तुला. नाटकं नकोत. चल.”

तो चालला. चर्चच्या कोपऱ्यावर रांग वळली, ऑर्व्हिल सरळ गेला. कोळशाच्या ट्रकवाल्याला तो दिसलाच नाही.

दुसऱ्या दिवशी हेडमास्तर ती पिशवी घेऊन वर्गात आले आणि त्यांनी विचारलं, ही भोकं कोणी कापली? हिल्डाबाईंच्या तोंडून निघून गेलं, “नेटीने कापली.” नेटीने त्या दिवशी आपल्या मुखवट्याला कागदाची दाढी कापली होती, एवढं खरं होतं. सात वर्षांच्या पोरीला बाई सांगतात की तू कापलंस, तर तिने कापलंच असणार. नेटीचाही त्यावर विश्वास बसला, आणि तो तसाच राहिला. हिल्डाबाईंनी तेव्हापासून एकाही मुलाचं माप दुसऱ्याच्या डोक्यावर घेतलं नाही, आणि मनातल्या मनात एवढ्यावर हिशेब मिटवून टाकला.

तीन वाजून गेले. अकरा मुखवटे झाले आणि पाद्र्यांची बायको जोआन मुलांना घेऊन वर रस्त्यावर गेली. नेटी खळीची भांडी विसळायला पलीकडच्या मोरीत गेली. खाली टेसा राहिली. आजीची मदतनीस म्हणून तिचा नंबर शेवटचा. दोन पिशव्या उरल्या होत्या. वरच्या झरोक्यातून ऊन येत होतं, इमारत गरम ठेवणाऱ्या भट्टीची घरघर चालू होती.

मग वास आला. आधी त्यांना वाटलं, भट्टी गळतेय. पण भट्टी कोळशाची होती, आणि वास रॉकेलचा होता.

“बाई… माझं मोजा ना.”

भिंतीकडच्या बाकावर एक मूल बसलं होतं. डोक्यावर पिशवी, खांद्यापर्यंत उतरलेली, अखंड, एकही भोक नसलेली. पिशवीचा वरचा भाग तेल पिऊन काळपट झाला होता. हात गुडघ्यांवर शहाण्यासारखे ठेवलेले. तोंडाच्या जागी कागद आत जात होता, बाहेर येत होता… आत जात होता… मग बराच वेळ बाहेर आलाच नाही.

“कुणाचा रे तू?” हिल्डाबाईंनी विचारलं. “वर जा सगळ्यांबरोबर.”

“माझं राहिलंय. माझ्या डोक्यावर मोजा.”

त्या पुढे झाल्या. अंगठे पिशवीपासून बोटभर अंतरावर आले. तेवढ्यात कागदाच्या घडीतून एक करडी ऊ बाहेर आली आणि सावकाश खाली उतरू लागली. हिल्डाबाईंनी हात मागे घेतले, स्कर्टला पुसले. त्यांना काही कळलं नाही असं नाही. कळूनही न कळल्यासारखं करायची त्यांना एकतीस वर्षांची सवय होती.

“थांब,” त्या म्हणाल्या. आवाज त्यांना स्वतःलाच परका वाटला. “टेसाच्या डोक्यावर माप घेते. सारखंच असतं.”

त्यांनी टेसाच्या डोक्यावर पिशवी घातली, खोबण्या चाचपल्या, ठिपके दिले, पिशवी काढून भोकं कापली. भोकं गोल आली.

“आजी, कुणाशी बोलत होतीस?”

“त्या मुलाशी.”

“कुठल्या?”

बाक रिकामा होता. फळीवर तेलकट ओल होती, तीही बघता बघता सुकत चालली होती. हिल्डाबाईंनी क्षणभर विचार केला. पिशवी टेसाच्याच मापाची होती, वाया कशाला घालवायची? त्यांनी ती टेसाच्या डोक्यावर चढवली.

“आजी… अंधार आहे.”

“नीट खाली ओढ.”

“ओढली. दिसत नाहीये मला.”

भोकं अगदी जागच्या जागी होती. आतून टेसाचे तपकिरी डोळे हिल्डाबाईंकडे बघत होते, पापण्या लवत होत्या. पोरीला मिरवणुकीआधी लाडात यायची सवयच होती. वर ढोल वाजायला लागला होता.

“दिसतंय तुला. नाटकं नकोत. चल.”

शब्द तोंडातून बाहेर पडले तेव्हा त्या जागीच थांबल्या. टेसा मात्र चालायला लागली होती. हात पुढे धरून जिना चढली, सातव्या पायरीवर तिचा पाय चुकला, आणि ती तशीच घरंगळत खाली आली.

फार लागलं नव्हतं. गुडघा खरचटला होता. हिल्डाबाईंनी तिला मांडीवर घेतलं, पिशवी डोक्यावरून ओढून काढली, केस मागे सारले. टेसा रडत नव्हती. टक्क डोळ्यांनी आजीच्या खांद्यापलीकडे बघत होती.

“आजी,” ती म्हणाली, “आता काढ ना ती.”

पिशवी हिल्डाबाईंच्या हातात होती.

आवाज ऐकून नेटी मोरीतून धावत आली, जोआन जिना उतरून आली, मागोमाग दोन-तीन आया. जोआनने टेसाच्या डोळ्यांसमोर हात हलवून पाहिला आणि तिचा चेहरा उतरला. “काही टोचलं का डोळ्यांना? ही भोकं कोणी कापली? घालताना काही झालं का?”

तळघरात एकदम रॉकेलचा वास दाटला. इतर कुणाला येत होता की नाही, देव जाणे. जिन्याखालच्या काळोखात कागद आत-बाहेर होत होता… मग थांबला. श्वास रोखून कुणीतरी उत्तराची वाट बघत होतं. हिल्डाबाईंना हे स्पष्ट कळलं. मी कापली, एवढंच म्हणायचं होतं. टेसाची हनुवटी त्यांच्या तळहातात होती.

“नेटीने कापली,” हिल्डाबाई म्हणाल्या.

नेटी ओल्या हातांनी उभी होती. “मी आज कात्रीला हात लावलेला नाही, बाई,” ती म्हणाली. “मी कधीच लावत नाही. तुम्हाला माहितीये.” ती हिल्डाबाईंच्या तोंडाकडे बघत राहिली, आणि अगदी हळू म्हणाली, “बाई… त्या दिवशी तरी लावला होता का मी?”

अजूनही वेळ होता. कागद अजून थांबलेलाच होता.

“तू लहान होतीस,” हिल्डाबाई म्हणाल्या. “तुला काय आठवणार?”

जिन्याखाली कागद चुरगळल्याचा आवाज झाला. पावलं त्यांच्या अगदी जवळून गेली, पायऱ्या चढली, वरच्या उन्हात मिसळून गेली. टेसाने त्या दिशेला मान वळवली.

“तो गेला, आजी,” ती म्हणाली. “पण माझी पिशवी काढलीच नाही त्याने.”

डॉक्टर झाले. फिलाडेल्फियाचे मोठे डोळ्यांचे डॉक्टरही झाले. डोळ्यांत दोष नाही, असं सगळे सांगतात. फक्त दोन्ही गालांवर, डोळ्यांच्या दोन बोटं खाली, मेणाच्या खडूचे दोन काळे ठिपके आहेत. दाट केसांच्या पोराच्या पिशवीवर जिथे भोकं पडायला हवी होती, नेमके तिथे. साबणाने जात नाहीत, खरवडून जात नाहीत.

गावाने हिल्डाबाईंना फार जपलं. पहिला महिनाभर रोज कुणीतरी जेवण आणून द्यायचं. नेटी तेवढी आली नाही. तिने कुणाजवळ एक शब्दही काढला नाही, पण दुसऱ्याच दिवशी बाजारातून तिने नवी कात्री विकत घेतली.

वर्ष झालं. पुन्हा हॅलोविनची दुपार आली. आजी आणि नात ओसरीवर बसल्या होत्या. सगळे मिरवणुकीला गेले होते, रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. वळणावर ट्रकचा आवाज आला, पण टेसाने नंबर वाचून दाखवायचा खेळ केव्हाच सोडला होता. एकाएकी ती ताठ बसली. माप देणारं मूल चेहरा वर करून स्थिर राहतं, तशी.

“आजी, तो आलाय.”

हिल्डाबाईंच्या नाकात रॉकेल शिरलं.

“तो विचारतोय, भोकं कोणी कापली.” टेसाने कान देऊन ऐकलं. “खरं सांगितलंस तर काढतो म्हणतोय. आत्ता लगेच.”

ऐकणारी फक्त टेसा होती. पण ऐकणारी टेसाच होती ना. ही पोर त्यांना मनापासून चांगली बाई समजत होती, आणि तिच्या मनातून उतरायचं, तेवढंच हिल्डाबाईंना जमेना. त्या रडत होत्या. टेसाचा हात त्यांनी दोन्ही हातांत घट्ट धरला होता. मनात ‘मी’ हा शब्द तयार होता, ओठांपर्यंत आलाही.

“नेटीने,” त्या म्हणाल्या.

टेसाच्या चेहऱ्यावर ऊन होतं, वारा होता, बाकी काही नव्हतं. तरी तिने श्वास आत घेतला तेव्हा तोंडापाशी कागद ओढला गेल्याचा आवाज झाला.