बंद फोनवरच्या फर्माइशी

रेडिओ केंद्राचा फोन दुरुस्त करायला मी गेलो, तेव्हा ती टेबलावर डोकं टेकून बसली होती. वर न बघताच म्हणाली, "महिनाभर आला नाहीत. अजून थोडे दिवस आला नसतात तरी चाललं असतं."

मी टेलिफोन खात्यात लाइनमन होतो. खांब चढून चढून पाय भरून आले होते, भांडायचं त्राण नव्हतं. आमची ओळख झाली ती अशी. ती गेली त्याला आता वर्ष होईल.

फोन उघडला. उंदरानं वायर कुरतडली होती. जोडता जोडता माझ्या डोक्यात आलं.

"हा फोन महिनाभर बंद आहे ना?"

"हो."

"मग काल तुमच्या कार्यक्रमात शिंपीकाकांचा फोन आला कसा? बायको रुसलीये, तिच्यासाठी गाणं लावा म्हणाले ते?"

तिनं डोकं उचललं. डोळे झोपेनं जड झाले होते.

"तुम्ही... ऐकता?"

"रोज. खांबाखाली डबा खाताना."

"शिंपीकाका नाहीतच. मीच बनवले."

"आणि रात्रपाळीची नर्स?"

"तीही."

मला खरंच वाईट वाटलं. "पण शिंपीकाकांची बायको बोलायला लागली का?"

ती हसली. "उद्या ठरवते."

मग तिनं सगळं सांगितलं. फोन चालू होता तेव्हाही कोणी करत नव्हतं. जुनी गाणी लोक ऐकायचे, पण फोन उचलायचा कंटाळा. फोन दुरुस्त झाल्यावर महिनाअखेरपर्यंत खऱ्या फर्माइशी आल्या नाहीत, तर दुपारचा कार्यक्रम बंद, असं साहेबांनी बजावलं होतं.

"मग मी दादाकडे जाणार, दुसऱ्या गावी. वहिनीला मुलं सांभाळायला कोणीतरी हवंच आहे," ती म्हणाली. "फोन बंद होता, तोवर निदान सांगायला कारण तरी होतं."

मी फोन चालू केला आणि चोरासारखा बाहेर पडलो.

दुसऱ्या दिवशी खांबावर चढून लाइन तपासायचा फोन तारेला जोडला आणि आवाज जाड केला.

"मी पिठाच्या गिरणीवरून बोलतोय..."

"गिरणीचा आवाज नाही येत तो?" ती रेडिओवर म्हणाली.

"वीज गेलीये."

"आणि रेडिओ?"

"सेलवर आहे."

तिनं दाबलेलं हसू मला खांबावर ऐकू आलं. मग मी कधी गुरुजी झालो, कधी ट्रक ड्रायव्हर.

"गुरुजी, सर्दी बरी झाली का?" ती विचारायची. "नाही म्हणजे, काल ड्रायव्हरसाहेबांनाही अगदी अशीच झाली होती."

साहेबांनाही कान होते. महिना संपत आला तेव्हा लाइन तपासायच्या निमित्तानं मी केंद्रावर गेलो, तर ती म्हणाली, "एकाच माणसाचे फोन मोजणार नाही म्हणालेत. उद्याचा शेवटचा कार्यक्रम... ऐका."

त्या दिवशी ऊन फार होतं. मी खांबावर चढलो, फोन जोडला, पण आवाज काढता येईना.

"कोण बोलतंय? गुरुजी? गिरणीवाले काका?"

"मीच."

"मी म्हणजे?"

"तारवाला. आज दमलोय. दुसऱ्या कोणाचा आवाज काढवत नाही."

"मी पण दमलेय हो..." ती म्हणाली. गावभर ऐकू जातंय याचं तिला भानच राहिलं नाही. "कोणतं गाणं लावू?"

"कोणतंही लावा. फक्त... दादाकडे जाऊ नका. माझं घर लहान आहे, पण वारा चांगला येतो. दुपारी कोणी उठवणार नाही तुम्हाला."

ती "श्रोतेहो –" एवढंच म्हणाली आणि तिनं हाताला लागेल ती तबकडी लावली.

पुढचं तिनं मला नंतर सांगितलं. तिनं फोन ठेवला आणि तो लगेच वाजला. तिची आई होती.

"कोण गं हा तारवाला? असं रेडिओवर विचारतात का? आधी घरी आण त्याला, बघू दे तरी!"

आईनं ठेवला तर किराणा दुकानदार. "गाणं नको बाई. हो म्हणालात का, तेवढं सांगा. इथं गिऱ्हाइकं थांबलीयेत."

मग दवाखान्यातून, शाळेतून, गॅरेजमधून. शेवटी साहेबच उठून फोन घ्यायला लागले. "थांबा हो, गाणं संपू दे," असं ओरडत होते म्हणे. कार्यक्रम बंद करायचं नाव त्यांनी पुन्हा काढलं नाही.

मी खांब उतरून खाली बसलो होतो, छोटा रेडिओ मांडीवर. गाणं संपलं.

"आज बऱ्याच जणांनी एकच गोष्ट विचारलीये," ती म्हणाली. "तर... हो. आता ऐका पुढचं गाणं."

ते गाणं कोणतं होतं, मला आठवत नाही. माझं लक्षच नव्हतं. तिला सगळी गाणी पाठ होती, इतक्या वर्षांत कधीही विचारलं असतं तर सांगितलं असतं तिनं. विचारायचं राहून गेलं.