गिळलेली वाक्यं

"इथे मी श्वास घेतच नाही," मी अंधारात मोठ्याने म्हणाले.

"घेता, मादमोआझेल." मागून कुठूनतरी आवाज आला. "'डॉक्टर येताहेत' म्हणायच्या आधी तुमचे ओठ एवढेसे उघडतात. मी तो तुकडा तीस वेळा मागेपुढे करून पाहिलाय."

"तीस वेळा माझे ओठ पाहिलेत?"

मागे कागद सळसळला. मग...

"एकतीस."

ध्वनिमुद्रक उगाचच खोकला. माझे कान तापले. बाहेर पॅरिसजवळच्या बियांकूरवर नोव्हेंबरचा पाऊस पडत होता, माझा कोट अजून ओला होता, आणि तरीही मला उकडायला लागलं.

ते साल अठ्ठावन्न होतं. मी, एडविज तेस्तार, चोवीस वर्षांची. एका चित्रपटात नर्स होते आणि मला चार वाक्यं होती. शूटिंगच्या वेळी खालून मालट्रक गेला आणि चारही वाक्यं वाया गेली.

असं झालं की काय करायचे ते सांगते, म्हणजे पुढचं समजायला सोपं जाईल. नटाला स्टुडिओत बोलवायचे, पडद्यावर त्याचाच प्रसंग दाखवायचे आणि तेच वाक्य पुन्हा म्हणायला लावायचे. वेळ चुकू नये म्हणून पडद्याच्या खालून एक लांब पट्टी सरकत जायची. तिच्यावर हाताने लिहिलेले शब्द असायचे. शब्द लांबवायचा तर अक्षरं ताणलेली, घाईचा असला तर चेपलेली. अक्षर उभ्या रेघेला टेकलं की आपण तोंड उघडायचं. ती पट्टी लिहायला आधी कुणाला तरी ओठ वाचावे लागत. शब्द, हसू, हुंदका, श्वास, सगळं ओठांवरून टिपणारा तो माणूस म्हणजे आर्मां प्रुव्हो.

दिवे मंदच असायचे. मला दिसला तो एक उंच आकार, शाईने डागाळलेली बोटं, आणि खांद्यावरून घसरलेला स्वेटर.

"पुन्हा भेटू, मस्यू प्रुव्हो," मी निघताना म्हणाले.

"तुमचा आवाज पुन्हा खराब झाला तर..." तो म्हणाला आणि स्वतःच ओशाळला.

बिचाऱ्याला काय माहीत, त्याने मला युक्तीच सांगितली होती!

मी नायिका कधीच नव्हते. मी नायिकेची मैत्रीण, नायकाची बहीण, दुकानातली मुलगी, दार उघडणारी. 'मादाम घरी नाहीत' हे वाक्य मी पाच चित्रपटांत म्हटलंय. अशा नटीकडे शूटिंगमध्ये कोण लक्ष देणार? मी एखादं वाक्य घशातल्या घशात गिळायचे. दिग्दर्शक घड्याळ बघायचा. "जाऊ दे, नंतर भरून घेऊ." झालं! दीड-दोन महिन्यांनी मी पुन्हा बियांकूरच्या त्या अंधारात, आणि पाठीमागे तो.

"या वेळी कोण आहात?" तो विचारायचा.

"औषधवाल्याची बायको. सुखी नाही."

"हो, कळलं मला. तिसऱ्या वाक्यात."

एवढंच बोलणं व्हायचं. वर्षातून एकदा, फार तर दोनदा. मधले महिने मी कसे काढायचे! भुयारी रेल्वेत समोरच्या माणसाच्या बोटांवर शाई दिसली तरी जीव वरखाली व्हायचा. तुम्ही म्हणाल, सरळ जाऊन भेटायचं ना. पण त्याला भेटायला कामाचं निमित्त लागतं, असं माझ्या डोक्यात पक्कं बसलं होतं... आणि त्याच्याही.

नऊ वर्षं अशी गेली. मग एका सोमवारी माझ्या एजंटबाईंनी, मादाम बुसाकनी, मला बोलावून घेतलं.

"एडविज, तोंडात गरम बटाटा धरून बोलतेस का गं?"

"का?"

"का म्हणे! एडविज तेस्तारचं बोलणं समजत नाही, असा बोभाटा झालाय सगळीकडे. या वर्षी तीन भूमिका हातच्या गेल्या. आता नीट ऐक." त्यांनी चष्मा काढला. "मार्सेयचा चित्रपट आहे. मासळी विकणारी विधवा. एक्केचाळीस प्रसंग! दिग्दर्शक नव्या पद्धतीचा आहे, आवाज जागच्या जागी घेतो, मागाहून काही भरत नाही. गुरुवारी चाचणी. तिथे गिळलंस तर माझ्या यादीतून तुझं नाव गेलं म्हणून समज."

एक्केचाळीस प्रसंग. आजवरचे माझे सगळे प्रसंग एकत्र केले तरी एवढे भरले नसते. आणि आता सगळेच चित्रपट हळूहळू तसे होणार होते... मागाहून काही न भरणारे.

दुसऱ्याच दिवशी बियांकूरला माझी दोन वाक्यं होती. जेवणाच्या सुट्टीत सगळे बाहेर गेले. आर्मां नेहमीसारखा आतच बसून पाव आणि चीज खात होता.

"या वासाने माइक बंद पडेल," मी म्हणाले.

तो हसला नाही. त्याने सुरी मिटून ठेवली.

"तुम्ही मुद्दाम करता."

"काय?"

"खरंच पुटपुटणाऱ्या माणसाचे ओठही आळशी असतात. तुमचे ओठ अगदी स्वच्छ बोलतात. फक्त आवाज गिळता. हे कळून मला सात चित्रपट झाले."

मला बसायला खुर्ची सापडेना.

"सात! मग बोलला का नाहीत?"

"बोललो असतो तर... तुम्ही आला नसतात."

पडद्यावर काहीच नव्हतं, तरी आम्ही दोघं तिकडेच बघत होतो. मी त्याला मार्सेयचं सांगितलं. एक्केचाळीस प्रसंग, गुरुवार, सगळं.

"स्पष्ट बोला," तो लगेच म्हणाला.

"मग मी इथे येणार नाही."

"मी तिकीट काढून बघेन."

"बस? एवढंच?" मला रडूही येत होतं आणि रागही. "नऊ वर्षं माझं तोंड वाचताय, आणि स्वतःचं तोंड उघडायला..."

"तुम्ही पडद्यावर असता, एडविज," तो हळूच म्हणाला. "मी पडद्याच्या खाली."

तेवढ्यात माणसं परत आली.

गुरुवारी चाचणीला समोर मासळीचं रिकामं टोपलं ठेवलं होतं. वाक्य साधं होतं. 'माझी मासळी आजची आहे, शिळी हवी तर शेजारी जा.' मी तोंड उघडलं आणि जीभ सवयीने मागे सरकली. एक क्षण वाटलं, गिळावं. भूमिका गेली तर गेली... तो अंधार तर राहील. पण त्याने 'स्पष्ट बोला' म्हटलं होतं, स्वतःचं नुकसान करून म्हटलं होतं. मी असं खणखणीत बोलले की ध्वनिमुद्रकाने कानावरचे हेडफोन दचकून दूर धरले.

भूमिका मिळाली. मी जिन्यात बसून रडले.

मार्सेयला दहा आठवडे ऊन, माशांचा वास आणि टाळ्या. काम चांगलं होत होतं. पण प्रत्येक वाक्याच्या आधी मला माझाच श्वास ऐकू यायचा. तो टिपून ठेवणारं तिथे कुणी नव्हतं. एका रविवारी बंदरावर एकटीच बसले होते, आणि नऊ वर्षांत सुचली नव्हती इतकी साधी गोष्ट मला सुचली.

पॅरिसला उतरले ती सामानासकट बियांकूरला गेले. फाटकावरच्या म्हाताऱ्याने वही उघडली.

"आज कुठल्या चित्रपटाचं काम, मादमोआझेल?"

"कुठल्याच नाही. मस्यू प्रुव्होंना भेटायचंय."

"कामाशिवाय?"

"कामाशिवाय."

त्याने वही मिटली आणि अंगणाच्या मधोमध उभा राहून ओरडला, "प्रुव्हो! खाली ये रे! मादमोआझेल तेस्तार आल्यात, आणि काम काही नाही म्हणतात!"

चार खिडक्या उघडल्या. माझी मान खाली.

आर्मां धावत आला आणि दारात थबकला. नऊ वर्षांत मी त्याला उजेडात कधी पाहिलंच नव्हतं. त्याच्या नाकावर ठिपके होते. डोळे करडे होते, मी काळे समजत होते. केस कानाजवळ पिकले होते, आणि ते पिकताना मी पाहिले नव्हते.

"काही... पुन्हा म्हणायचं राहिलंय?" त्याने विचारलं.

"नाही. सगळं स्पष्ट झालंय. मी म्हटलं, गाडीतून उतरलेच आहे, भूकही लागलीये, तर जाता जाता—"

आयुष्यभर दुसऱ्यांच्या शब्दांची वेळ जुळवणारा हा माणूस माझं वाक्य मध्येच तोडून, अगदी भलत्या वेळी बोलून गेला:

"जाऊ नकोस."

वरच्या खिडकीतून कुणीतरी शिट्टी मारली. मार्सेयच्या त्या विधवेनंतर मला मोठी भूमिका पुन्हा कधी मिळाली नाही. पुढे तीस वर्षं मी मावशा, नन आणि आज्या केल्या, एकूण एकशे चौदा चित्रपट. पण त्या दिवशी, चार खिडक्यांसमोर, मला एकही वाक्य सुचेना. मी माझी बॅग त्याच्या हातात दिली.