मयताचा स्वतःचा खर्च

विमा कंपनीच्या दावे विभागात त्याला 'कात्रीसाहेब' म्हणत. तोंडावर नुसतं 'साहेब', कात्री पाठीमागे. त्याला ते ठाऊक होतं आणि मनातून आवडतही होतं. वाहनाखाली माणूस गेला, की त्याची कमाई धरायची (म्हातारी किंवा पोर असलं तर अंदाजाने), कमावण्याची उरलेली वर्षं धरायची आणि त्यातून एक तृतीयांश कापायचा. हा मयताचा स्वतःचा खर्च. मेलेला माणूस जेवत नाही, दाढी करत नाही, बूट झिजवत नाही. मग त्याचा वाटा घरच्यांना कशाला? रीत कायद्यातलीच होती. पण साहेब ती इतक्या मायेने समजावून सांगे, की नव्या कारकुनांना वाटायचं, माणसं मरतात ती घरखर्च कमी व्हावा म्हणूनच. अशी कात्री त्याने आजवर किती जणांवर चालवली, याची गणती खुद्द त्यालाही नव्हती.

शिलाई मशीन दुरुस्त करणाऱ्याच्या प्रकरणात अडण्यासारखं काही नव्हतं. पायी चालणाऱ्यांचा सिग्नल हिरवा असताना ट्रकने त्याला भरदिवसा उडवलं होतं. ट्रकचा विमा कंपनीकडेच होता, जबाबदारीही कंपनीने मान्य केली होती. पण मयताची बायको तडजोडीवर सही करीना. "तेवढा ह्यांचा खर्च कापू नका," एवढाच तिचा हेका. "तो चालूच आहे."

साहेबाचे कान टवकारले. विधवेच्या घरात पुरुषाचा खर्च चालू, म्हणजे घरात पुरुष आला. दुसरं लग्न झालं असेल, तर आणखी कापता येईल. कुणावर न सोपवता तो स्वतःच निघाला.

तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या. खिडकीशी मयताची बायको मशीनवर बाही जोडत होती. पलंगावर तिच्या सासूबाई मटार सोलत होत्या. साहेबाने हात धुण्याचं निमित्त काढलं आणि थेट न्हाणीघर गाठलं.

बेसिनच्या कडेला दाढीचा ब्रश उभा होता. त्यावरचा फेस अजून बसलेला नव्हता. टॉवेल ओला, आरसा वाफेने धुरकट. साहेबाला मनातल्या मनात उकळ्या फुटल्या. बाहेर येऊन त्याने दारामागे पाहिलं, कपाट उघडलं आणि वय विसरून तो पलंगाखाली वाकला.

"सापडला का?" सासूबाईंनी पाय वर घेत विचारलं. "पहिल्या आठवड्यात आम्हीही बघितलं हो. आता माझी कंबर वाकत नाही."

"आजी, इथे कोण राहतं?"

"माझा मुलगा. म्हणजे, राहायचा. म्हणजे..." त्यांनी एक मटार तोंडात टाकला. "सूनबाई, तूच सांग गं. मला सांगताना हसू येतं, मग रडू."

बायकोने मशीन थांबवलं. "पाव उरत नाही, साबण झिजतो, ब्लेडं बोथट होतात. परवा बुटांची टाच बदलून आणली. चांभार म्हणाला, यजमानांचं चालणं फार दिसतंय."

"जिवंतपणी कोपऱ्यावर जायला रिक्षा लागायची," सासूबाई म्हणाल्या. "मेल्यावर पाय फुटलेत मेल्याला."

"तुम्हाला तो दिसतो?" साहेबाने बायकोला विचारलं.

"दिसतात. फार नाही, खर्चापुरते."

तिने चहा आणला. कप चार. चौथा तिने रिकाम्या खुर्चीपुढे ठेवला. खोलीत दाढीच्या साबणाचा वास होता. साहेबाने त्या कपावर नजर रोखून धरली. आता हातचलाखी पकडायचीच.

खुर्चीचा वेत करकरला.

कपातला चहा कडेपासून थोडा खाली गेला. मग आणखी थोडा.

 डोकं चालेनासं झालं की साहेब नियम सांगत असे, तसा सांगू लागला. "वहिनी, नीट ऐका. खर्च करतो तो माणूस जिवंत. जिवंत असेल तर भरपाई कसली? सगळंच जाईल. आणि मेला असेल तर त्याला खर्च नाही. म्हणजे कापणं आलंच." बोलता बोलता त्याचं त्यालाच पटत होतं आणि समोरचा कप रिकामा होत होता.

"आमचं भाडं थकलंय," ती म्हणाली. "महिनाअखेर जागा सोडा म्हणालेत मालक. ह्यांचं भागवून काही उरत नाही. कापलंत तर आम्ही जगायचं कसं?"

"मी नियमाला बांधलेला आहे."

"म्हणजे ह्यांच्या खर्चाचा वाटा कंपनी ठेवून घेणार?"

"हो."

"नक्की? नंतर नाही म्हणायचं नाही."

"नक्की."

तिने बराच वेळ रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं. मग सही केली.

"ठीक आहे. ह्यांचं आता तुम्ही बघा."

साहेबाला वाटलं, रागाने बोलली.

त्यानंतर साहेबाच्या घरी काही पुरेना. भाताचं पातेलं पुसून निघे. "पोटात जंत झालेत तुमच्या, डॉक्टरला दाखवा," त्याची बायको म्हणाली. डॉक्टरने तपासलं, वजन केलं. ते उलट उतरलं होतं.

चेक घ्यायला मयताची बायको ऑफिसात आली. भाडं फिटणार होतं. चेहरा मोकळा दिसला.

"घरी कसं आहे?" साहेबाने विचारलं. आवाज त्याला हवा होता तितका सहज आला नाही.

"पुरतं आता. पाव उरतोसुद्धा." ती थांबली. "सासूबाईंना करमत नाही. अजून तीन कप मांडतात. तिसरा तसाच गार होतो."

चेक तिने पर्समध्ये ठेवला. मग हात पुढे करून साहेबाच्या खुर्चीशेजारी, उभ्या माणसाच्या गळ्याच्या उंचीवर, हवेतल्या हवेत कॉलर सरळ केली.

"इथे नीट राहा," ती हळूच म्हणाली. साहेबाला नव्हे.

साहेबाने वळून पाहिलं. भिंत होती.

ती जायला निघाली. टेबलापासून दारापर्यंतची मोकळी फरशी तिने एकदा पाहिली. मग पर्स छातीशी धरली, अंग चोरलं आणि दारापर्यंत तिरकी तिरकी सरकत, दर पावलाला थांबत गेली.

"जरा सरकता का," ती म्हणत होती. "जरा वाट द्या. आजी, तुम्ही बसा खाली. बाळा, जरा पाय घे."