आखाजीला तुम्ही कुठे होतात?

ही गोष्ट खरी आहे.

दाव्याला नंबर आहे. माझी साक्ष टाइप झालेली आहे. खाली माझी सही आहे. नंबर मी देणार नाही, कारण मी हे लिहितेय हे आमच्या घरात कुणाला माहीत नाही.

भुतं फक्त रात्री येतात असं ज्यांना वाटतं, त्यांना हे पटणार नाही. मंगळवार, १९ मार्च २०२४. दुपारचे सव्वाबारा. जळगावचं कोर्ट. माणसांनी भरलेली खोली, डोक्यावर पंखा, समोर न्यायाधीश बाई.

आणि माझ्या तोंडातून... दुसरंच कुणीतरी बोललं.

पण आधी त्या खोलीबद्दल सांगते. तिच्यासाठीच सगळं झालं.

जुन्या जळगावात रतिलाल शेठची चाळ आहे. सहा खोल्या, वर पत्रे. शेवटच्या खोलीत माझे चुलत सासरे झुलाल नाना अठ्ठेचाळीस वर्षं राहिले. मूळ एरंडोलकडचे. कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला होते. लग्न केलं नाही.

भाडं महिना बासष्ट रुपये.

हो, बासष्टच. भाडेनियंत्रण कायदा. जुन्या भाडेकरूचं भाडं फारसं वाढवता येत नाही, आणि तसंच उठून त्याला काढताही येत नाही. शेठ म्हणायचा, "घरपट्टीच त्याच्यापेक्षा जास्त भरतो मी. तुमच्या नानांना मीच पोसतोय."

ते खोटं नव्हतं. पण मग त्याने काय करावं? फुटके पत्रे बदलले नाहीत. संडासाचं दार काढून नेलं. भाडं घेणंच बंद केलं. नाना मनीऑर्डर करायचे, ती परत यायची. बाकीची पाच बिऱ्हाडं कंटाळून, मिळेल ते पैसे घेऊन निघून गेली. निवडणुकीच्या वेळी एक नगरसेवक चाळीत येऊन म्हणाला, "भाडेकरूच्या केसाला धक्का लागू देणार नाही." निवडून आला. मग कळलं, चाळ पाडून जे कॉम्प्लेक्स होणार होतं, त्यात त्याचाच भाचा भागीदार.

नाना एकटे उरले.

एप्रिल २०२२ मध्ये शेठने नळाचा पाइप तोडला. जळगावचा एप्रिल. नाना लांबच्या हापशावरून एकेक बादली आणायचे. वय अठ्ठ्याहत्तर.

किळस येतेय ना शेठची? थांबा. आमची पाळी यायचीय अजून.

आम्ही धुळ्याला राहतो, देवपुरात. माझा नवरा पियुष नरडाण्याच्या एका कंपनीत आहे. नानांकडे वर्षातून एखादी चक्कर, तीही जमली तर. एक रात्रसुद्धा मी तिथे राहिले नाही. "दार नसलेल्या संडासात कोण जाईल," असं मीच नाक मुरडून म्हणायचे.

त्या वर्षी आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, ३ मेला होती. आखाजीला आमच्याकडे लेक माहेरी जाते. मीही गेले, असोद्याला. झोके, गाणी, आमरस, मांडे.

१ मेच्या दुपारी नानांचे तीन फोन आले.

मी झोक्यावर होते. नाव दिसलं मला. म्हटलं, नंतर करू.

केला नाही.

असोद्याहून नानांची खोली मोटरसायकलने वीस मिनिटांवर आहे.

४ मेला सकाळी समोरच्या घरातल्या कमलबाई गावाहून परतल्या. नानांचं दार त्यांनी ढकललं, तर ते पुरतं उघडेना. आतून काहीतरी आडवं आलं होतं.

नाना होते ते.

डॉक्टरने ऊन आणि हृदय असं काहीतरी लिहून दिलं. संध्याकाळपर्यंत आम्ही उरकून मोकळे झालो.

दहावा झाला आणि दुसऱ्याच दिवशी पियुष मला आणि सासूबाईंना घेऊन वकिलाकडे गेला. वकील म्हणाले, "भाडेकरू वारला की त्याच्यासोबत राहणाऱ्या घरच्या माणसाला हक्क मिळतो. कॉम्प्लेक्समध्ये रस्त्यालगतचा गाळा पदरात पडेल. बोला, सोबत कोण राहत होतं?"

कुणीच राहत नव्हतं.

मग सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. पियुषची कंपनीत रोजची हजेरी. सासूबाई गावी. मीच रिकामी.

मी प्रतिज्ञापत्रावर सही केली. '२०१९ पासून मी नानांसोबत राहून त्यांची सेवा केली. शेवटच्या क्षणी मी त्यांच्याजवळ होते.'

कुणी बळजबरी केली नाही. गाळा मलाही हवा होता. तिथे साड्यांचं दुकान टाकायचं असं मी मनात ठरवूनसुद्धा टाकलं होतं. शी.

शेठने दावा लावला. दोन वर्षं तारखा पडल्या. माझी साक्ष जवळ आली तेव्हा वकिलांनी प्रश्नांची यादी हातात ठेवली. म्हणाले, "खोलीवर बसून पाठ करा. कोपरान्‌कोपरा तोंडपाठ पाहिजे."

मग आम्ही दोघं तीन दुपारी त्या खोलीत जाऊन बसलो.

पहिल्या दिवशी कुलूप काढताना कमलबाई समोर येऊन उभ्या राहिल्या. "तू कव्हय ऱ्हायनी वं आठे?"

म्हणजे, तू कधी राहिलीस गं इथे?

पियुष म्हणाला, "काकू, तुम्ही कुणाच्या बाजूने आहात?"

"शेठसाठे बी नही आनि तुमनासाठे बी नही. माले कोर्टमा वढू नका." आणि त्या रस्त्यावर थुंकल्या. माझ्यावर नाही. पण मला कळलं.

आत पत्रे तापून तडतडत होते. बंद खोलीचा, जुन्या मुताचा, आंबलेल्या कपड्यांचा वास. मी पदर नाकाला लावला. पियुष पत्र्याच्या पेटीजवळ बसला आणि यादी वाचू लागला.

"नाना कुठे झोपायचे?"

"खाटेवर."

टक...

पेटी वाजली. आतून.

"उंदीर असेल," पियुष म्हणाला. "चहा कसा घ्यायचे?"

"गोड."

टक.

आम्ही एकमेकांकडे बघितलं. मी हळूच म्हटलं, "बिनसाखरेचा."

काहीच नाही. शांत.

"झोपायचे... खाली. दाराजवळ."

शांत.

पियुषने पेटी उघडली. आत एक सदरा आणि मनीऑर्डरच्या पावत्या. उंदीर नाही, लेंडीसुद्धा नाही. झाकण लावलं. त्याने मुद्दाम खोटं विचारलं, "नाना रोज देवळात जायचे?"

"हो," मी म्हटलं.

टक.

मी उठले. "अहो, चला इथून. आत्ता."

आणि माझ्या नवऱ्याने काय केलं माहितेय? त्याने खिशातून पेन काढलं.

"बस खाली," म्हणाला. "फुकट उत्तरं मिळतायत. बस."

भुताची भीती मला नंतर वाटली. त्या क्षणी मला फक्त त्याची किळस आली. अंगावर पाल पडावी तशी. घाम पुसत तो प्रश्न विचारत होता, बरोबर उत्तर लागलं की यादीवर खूण करत होता. ज्याला जिवंतपणी कधी विचारलं नाही की औषध कुठलं घेता, त्याला मेल्यावर विचारत होता. आणि मी? बसले ना मीही. उत्तरं देत होते. तीन दुपारी.

शेवटच्या दुपारी यादीतला शेवटचा प्रश्न आला. "नाना, शेवटी काय झालं?"

मी म्हटलं, "ताप होता. रामाचं नाव घेत गेले."

पेटी वाजली नाही.

आम्ही वाट बघितली.

पत्र्यांचा आवाजही थांबला होता. बाहेरचा कुत्रा थांबला होता. आणि मग... माझ्या अगदी कानाजवळ...

कोरडी जीभ टाळूला चिकटते आणि सुटते ना, तसा आवाज आला.

परत.

परत.

पियुषने यादी घडी करून खिशात ठेवली. "झालं," म्हणाला. "ताप लिहिलाय मी."

१९ मार्चला मी साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहिले. शेठचे वकील बारीक अंगाचे, मऊ बोलणारे. झोपायचे कुठे, चहा कसला, औषध कुठलं, सगळं विचारलं. मी धडाधड सांगितलं. आमचे वकील खूश. शेठचं तोंड उतरलं.

मग त्यांनी विचारलं, "बाई, आखाजीला तुम्ही कुठे होतात?"

"जळगावात. नानांजवळ."

"माहेर असोद्याला. वीस मिनिटं. खान्देशातली लेक, आणि आखाजीला गेला नाहीत?"

"नाना आजारी होते."

"काय होत होतं त्यांना?"

मी 'ताप' म्हणायला तोंड उघडलं.

जीभ हलेना. ती टाळूला चिकटली होती. लाकडासारखी कोरडी. मग ती सुटली आणि आवाज आला... फाटका, म्हाताऱ्या पुरुषाचा...

"पह्यला दिन उलट्या व्हयन्या. माठ कोरडा व्हता. दुसरा दिन जीभ सुजी गयी. सरकत सरकत दारपावत उनू. आवाज दिधा. गल्लीमा कोनी नही. बठ्ठा आखाजीले गयथात. पानी दे वं माय... पानी दे..."

ही अहिराणी आहे. सरकत दारापर्यंत आलो, हाक मारली, पण सगळे आखाजीला गेले होते, असं तो आवाज सांगत होता. माझ्या माहेरची बोली वेगळी. अहिराणी मला समजते, पण बोलता येत नाही. आजही येत नाही.

न्यायाधीश बाई म्हणाल्या, "मराठीत सांगा."

शेठचे वकीलच म्हणाले, "मॅडम, नाना काय म्हणत होते ते त्या सांगतायत."

तसंच टाइप झालं. 'मयत असे म्हणत होते की.' आवाज बदलला हे कागदावर कुठेच नाही. पियुष म्हणतो, घसा बसला होता तुझा.

मग वकील दोन पावलं पुढे आले. तितक्याच मऊ आवाजात म्हणाले, "म्हणजे तुम्ही तिथे होतात. तीन दिवस ते पाणी मागत होते. तुम्ही पाणी दिलंत?"

आता कळलं मला, मी कुठे येऊन उभी राहिले होते ते.

'मी तिथे नव्हते' म्हटलं की खोली गेली, गाळा गेला, वर खोट्या प्रतिज्ञापत्राची भानगड. 'दिलं' म्हणायला गेले तर तोंडातून शब्दच फुटेना. तीनदा प्रयत्न केला. जीभ परत टाळूला चिकटली.

मी मागे बघितलं. पियुष शेवटच्या बाकावर होता. त्याने हळूच मान हलवली. नाही. 'नव्हते' म्हणायचं नाही.

"बाई, तुम्ही तिथे होतात का?"

"होते," मी म्हटलं. या वेळी आवाज माझाच होता.

"पाणी दिलंत?"

"नाही."

"का?"

मी काही बोलले नाही. तेही टाइप झालं. 'साक्षीदार गप्प.'

आम्ही जिंकलो.

निकालात लिहिलंय की इतके बारकावे सोबत राहिल्याशिवाय कुणाला माहीत असणार नाहीत. शेठने पुढे तडजोड केली. गाळा मिळणार आहे, रस्त्यालगतचाच. पियुषने पेढे वाटले. मी त्याला एकदाच विचारलं, "अहो, मी पाणी दिलं नाही असं लिहिलंय तिथे." तो म्हणाला, "कागदच तो. वाचतंय कोण?"

सासूबाईंनी वाचला. त्यांना पक्कं माहीत आहे मी तिथे नव्हते, सही केली तेव्हा त्या माझ्या शेजारीच बसल्या होत्या. तरी त्या दिवसापासून आमच्याकडे आल्या की त्या माझ्या हातचं पाणी घेत नाहीत. उठतात, स्वतः माठातून घेतात.

मी तिथे नव्हते. मी असोद्याला होते. भावजयीने काढलेला फोटो आहे, खाली तारीख आहे, मी झोक्यावर हसतेय. तो फोटो मी रोज बघते.

पण गेल्या काही महिन्यांपासून मला तो झोका आठवत नाही. कुठल्या झाडाला होता, शेजारी कोण होतं... काहीच नाही.

खोली आठवते.

तापलेले पत्रे. फरशीवरून सरकताना नानांच्या गुडघ्यांचा आवाज. ओठांवर चढलेल्या मुंग्या. हे मला कुणी सांगितलेलं नाही, पेटीनेही नाही.

मी कुठे बसले होते तेही आठवतं. खाटेच्या कडेला. नाना मान वर करून माझ्याकडे बघत होते.

माझ्या मांडीवर भरलेली कळशी होती. गार होती. तिच्या बुडाने माझी साडी ओली झाली होती.